सरळ केलेला गंधार

माझ्या गुरूंच्या, बाईंच्या, गाण्याच्या ध्वनिमुद्रणांचा संच त्यांच्या पहिल्या पुण्यतिथीला प्रकाशित झाला. सभागृह भरलं होतं. व्यासपीठावर बाईंचा भलामोठा फोटो होता आणि शेजारच्या खुर्चीत दादा बसले होते. दादा म्हणजे बाईंचे सर्वांत जुने शिष्य, आम्हा सगळ्यांचे थोरले गुरुबंधू. राजारामपुरीत त्यांचा मोठा क्लास आहे. कोल्हापुरात गाण्याचा कुठलाही कार्यक्रम असला की दीप लावायला त्यांना बोलावतात. बाईंना मूलबाळ नव्हतं, त्यामुळे त्यांच्या माघारी तंबोरे, फोटो, कॅसेटी, सगळं दादांच्याच हाती गेलं होतं.

भाषणं झाल्यावर दिवे मंद केले आणि संचातला दरबारी राग लावला.

ती बैठक माझ्या कॅसेटवरची होती. कोल्हापूरच्याच शुक्रवार पेठेतल्या बाईंच्या पुढच्या खोलीत आम्ही चार-पाचजणी बसलो होतो आणि मी माझा जुना टेपरेकॉर्डर सतरंजीवर ठेवला होता. दादांनी संचासाठी सगळ्यांकडून मुद्रणं मागवली, तेव्हा मी त्या कॅसेटची प्रत त्यांना दिली होती. त्यामुळे आता काय येणार हे मला पाठ होतं. दरबारीत गंधार हा स्वर एका जागी उभा राहत नाही. तो खाली झुकतो, झुलतो, जडपणानं पुन्हा वर येतो. बाई तो इतका सावकाश घ्यायच्या, की जाड लाकडी दार कुणीतरी आतून लोटतंय असं वाटायचं. त्यांच्या घरी कन्नड बोलत, मला त्या तंगी म्हणायच्या, म्हणजे धाकटी बहीण. माझा गंधार चुकला की म्हणायच्या, "तंगी, घाई करू नको. त्याला येऊ दे."

सभागृहातल्या स्पीकरमधून तो गंधार आला आणि खुंटी ठोकल्यासारखा उभा राहिला.

मला वाटलं, माझ्या कानात काहीतरी झालं. पुढच्या आवर्तनात तो परत आला आणि परत तसाच उभा राहिला. गुळगुळीत, चकचकीत, हललाच नाही. शेजारचे गृहस्थ मान डोलावत वा म्हणाले. आवाज बाईंचा होता, शब्द बाईंचे होते, आणि तरीही त्यात कुणीतरी हात घातला होता.

मी कॉलेजात संगीत शिकवते. वर्गात आम्ही एक सॉफ्टवेअर वापरतो. परदेशातल्या कुठल्या तरी संशोधकांनी केलेलं आहे, कुणीही फुकट उतरवून घ्यावं. त्यात गाण्याची फाईल उघडली की आवाज पडद्यावर दिसायला लागतो. डावीकडून उजवीकडे वेळ सरकते, खालून वर स्वर चढत जातो, आणि जिथे आवाज जोरकस तिथे रंग उजळतो. गळ्याच्या स्वराची एक बारीक रेघही ते काढून देतं. मींड, म्हणजे एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरत जाणं, मुलींना तोंडानं सांगून कळत नाही, ती रेघ वळताना पाहिली की कळतं. दादांनी माझ्या या सॉफ्टवेअरची अनेकदा थट्टा केली होती. गाणं डोळ्यांनी बघायला लागलात तर कान कशाला ठेवलेत, असं ते सगळ्यांसमोर म्हणाले होते.

रविवारी दुपारी मी माझी मूळ कॅसेट संगणकात घेतली, संचातला दरबारी घेतला, आणि दोन्ही एकाखाली एक उघडले.

वरच्या चित्रात सगळं होतं. बाईंचा खोकला होता. स्वयंपाकघरातल्या कुकरची शिट्टी उजळ पट्ट्यासारखी होती. मध्ये एकदा बाई तबलजींना "सावकाश" म्हणाल्या होत्या, तेही होतं. आणि गंधाराची रेघ लाटेसारखी खाली-वर होत होती, एक लाट दुसरीसारखी नव्हती. खालच्या चित्रात खोकला नव्हता, शिट्टी नव्हती, बाईंचं बोलणं नव्हतं. इथवर मी समजू शकले असते, मुद्रण साफ करायचं म्हटलं की लोक हे करतात. पण गंधाराच्या जागी पट्टी लावून ओढल्यासारखी आडवी रेघ होती. बाई जिथे एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरत जायच्या, तिथे पायऱ्या पडल्या होत्या. शेवटाकडे त्यांचा दम कमी पडून स्वर किंचित थरथरायचा, तो थरथराटही इस्त्री करून बसवला होता. प्रेताला पावडर-लाली लावून सोफ्यावर बसवावं तसं ते गाणं माझ्या समोर बसलं होतं.

मी उठून पाणी प्यायले. मग संचातली शेवटची चीज, म्हणजे बंदिश, उघडली.

ही चीज अडाणा रागातली. प्रकाशनाच्या दिवशी दादांनी तिच्यावर बराच वेळ भाषण केलं होतं. बाईंनी ती फक्त आपल्याला दिली, त्यांच्याही गुरूंकडून आलेली आहे, आणि तिचं हे एकमेव ध्वनिमुद्रण, असं त्यांनी सांगितलं होतं. आमच्यापैकी कुणीही बाईंना ती गाताना ऐकलेलं नव्हतं. पण बाई सगळ्यांना सगळं देत नसत, म्हणून कुणाला शंका आली नाही. मलाही आली नव्हती. आता नीट ऐकताना मात्र मला एक गोष्ट खटकली. तान सुरू होण्याच्या आधी गळ्यात एक घोट गिळल्याचा आवाज येत होता. प्रत्येक तानेच्या आधी. पडद्यावर तो बारीक ठिपक्यासारखा दिसत होता. बाईंना ती सवय नव्हती. ती सवय कुणाला आहे हे मला ठाऊक होतं, पण मन ते घ्यायला तयार नव्हतं.

तसंच आणखी एक फुकटचं सॉफ्टवेअर आहे, त्यात मुद्रणाची पट्टी चढवता-उतरवता येते. बाई काळी तीनमध्ये गायच्या. दादा त्याहून बऱ्याच खालच्या, काळी एकमध्ये गातात. मी ती चीज तेवढी खाली उतरवली आणि चालू केली.

तबला मडक्यासारखा वाजायला लागला, तंबोरा घुमा झाला. आणि त्या सगळ्या बिघडलेल्या आवाजातून एकच आवाज अगदी स्वाभाविक, ओळखीचा, भरदार बाहेर आला. तेवढ्यात माझ्या नवऱ्यानं आतल्या खोलीतून विचारलं, "दादा आलेत का गं?"

मी लॅपटॉप मिटला. बेसिनशी जाऊन चूळ भरली. उलटी झाली नाही, पण झाली असती तर बरं वाटलं असतं. बाईंचा गळा आतून पोकळ करून त्यात तो माणूस शिरला होता आणि बाईंच्या तोंडानं गात होता. मला त्या विचारानं अंगावर काहीतरी सरपटल्यासारखं होत राहिलं.

संचावर तबल्याच्या साथीला मामांचं नाव होतं. मामा म्हणजे बाईंचे नेहमीचे तबलजी. इचलकरंजीजवळ कबनूरला यंत्रमागावर उभा जन्म काढला आणि संध्याकाळी सायकल मारत, नंतर बसनं, बाईंकडे साथीला यायचे. माझ्या पहिल्या जाहीर गाण्याला त्यांनी साथ केली होती, मी घाबरून सम चुकले तेव्हा त्यांनीच ठेका फिरवून मला सावरून घेतलं होतं. मला वाटलं, यांचं कुठलं तरी जुनं वाजवणं दादांनी चोरून चिकटवलं असणार, आणि यांना पत्ताही नसणार. यांना सांगावं, मग आम्ही दोघं मिळून दादांकडे जाऊ. अशा विचारानं मी इचलकरंजीच्या बसमध्ये बसले.

मामांच्या गल्लीत दोन्ही बाजूंना मागांची खटखट चालू असते, त्यामुळे तिथे सगळेच जरा ओरडून बोलतात. मामांनी मला पाटावर बसवलं, चिवड्याची ताटली पुढं सारली, गुडघ्याच्या दुखण्याचं सांगितलं. भिंतीवर प्रकाशनाच्या बातमीचं कात्रण चौकटीत लावलेलं होतं. मी विचारलं, ही अडाण्याची बैठक कधीची?

"बैठक कुठली," मामा म्हणाले. "ते बाई गेल्यावर वाजवलंय की. दादांच्या ओळखीच्या स्टुडिओत. दादा म्हनले, बाईंची चीज हाय, पर टेपवरचा तबला फाटलाय, परत वाजवा. कानाला ते यंत्र लावलं आनि वाजवला."

"आणि आवाज? आवाज कुणाचा ते कळलं नाही?"

मामांनी ताटलीतला एक शेंगदाणा उचलला, सोलला, पण तोंडात टाकला नाही.

"कळलं की. न कळायला काय झालं. बाईंच्या मागं इतकी वरसं बसलोय. बाई समेवर हळूच यायच्या, अंग टाकत न्हव्हत्या. हितं टाकलंय."

"मग बोलला का नाहीत मामा?"

"काय बोलायचं, ताई? माझं नाव कुठं छापून आलतं का कधी? आता आलंय. फोटो आलाय. गल्लीतली मानसं बघून जात्यात." मग माझ्याकडे न बघता म्हणाले, "बाई तर गेल्या. त्यांचं काय जातंय आता?"

मी चिवडा खाल्ला नाही. मामांनी आग्रह केला तरी खाल्ला नाही, आणि इतक्या वर्षांत त्यांच्या घरून उपाशीपोटी मी पहिल्यांदाच निघाले. बसमध्ये मला दादांपेक्षा मामांचीच जास्त शिसारी आली. दादांकडूनच्या माझ्या अपेक्षा निदान आधीच कमी झाल्या होत्या. हा माणूस मला चांगला वाटायचा. त्याला पहिल्या आवर्तनातच सगळं कळलं होतं आणि तो शेवटपर्यंत ठेका धरून बसला होता. आणि सगळ्यात वाईट म्हणजे त्यानं वाजवलं फार सुंदर होतं.

दादांकडे मी मुद्दाम क्लासच्या वेळी गेले. बाहेर चपलांचा ढीग होता, आत उदबत्तीचा धूर. बाईंच्या फोटोपुढे रोज ताजं फूल असतं तिथे. दादांनी मला बघून मुलांना लवकर सोडलं. एकेक जण पाया पडून गेला. मग चहा आला. चहावर जाड साय धरली होती, दादांनी ती बोटानं उचलून तोंडात टाकली आणि बोट धोतराला पुसलं. हे ते नेहमीच करतात, पण त्या दिवशी मला बघवलं नाही.

दरबारीचं मी आधी काढलं. दादा अजिबात गडबडले नाहीत. आजकालच्या ऐकणाऱ्यांचे कान पेटीवर आणि मोबाईलवर तयार झालेत, त्यांना बाईंचा गंधार उतरलेला वाटतो, बेसूर वाटतो, असं त्यांनी मला समजावून सांगितलं. बाईंना कुणी बेसूर म्हटलेलं आपल्याला खपणार नाही, म्हणून तज्ज्ञाकडून नीट करून घेतलं. शेवटी शेवटी बाईंचा आवाज राहिला होता कुठे, मी त्यांना तो परत मिळवून दिला, असं दादा म्हणाले. 'परत मिळवून दिला' हे शब्द उच्चारताना त्यांचे डोळे खरोखर भरून आले. तेच मला सहन होईना. खोटं रडत असते तर सोपं होतं.

मी लॅपटॉप उघडला आणि अडाणा लावला. आधी संचात आहे तसा, मग उतरवून. दादा डोळे मिटून ऐकत राहिले. मांडीवर बोटं ताल धरत होती. स्वतःचा आवाज बाहेर आला तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर हसू आलं. लाजलेलं नव्हे, खूश झालेलं.

"छान बसलीय ना चीज?" त्यांनी विचारलं.

"तुमची आहे."

"माझीच. बऱ्याच वर्षांची आहे. दोन-तीन ठिकाणी गायलो, कुणी विचारलंसुद्धा नाही. कोल्हापूरच्या एका क्लासवाल्यानं केलेली चीज कोण गाणार? बाईंची म्हटल्यावर बघ, पुण्याहून फोन येतायत." मग ते जरा पुढे वाकले. "बाईंनी मला सगळं गाणं दिलं. मी त्यांना एक चीज दिली. ह्यात वाईट काय झालं, सांग."

मी म्हटलं, बाईंनी ती मागितली नव्हती. निरोप घेताना, दारापर्यंत येऊन, त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला. तू हे यंत्र घेऊन गावभर फिरलीस तर लोक मुद्रणाबद्दल बोलणार नाहीत, बाईंच्या शिष्या भांडायला लागल्या एवढंच बोलतील, असं अगदी मायेनं सांगितलं. त्यांचा तो हात नंतर कितीतरी वेळ डोक्यावर असल्यासारखा वाटत होता. घरी गेल्यावर मी दुपारीच डोक्यावरून अंघोळ केली.

ते म्हणाले तसंच झालं. मी बरोबरीच्या गुरुभगिनींना घरी बोलावून दोन्ही चित्रं दाखवली. एकीला रेघा कळल्या नाहीत. दुसरीला कळल्या, पण ती म्हणाली की आता संच निघालाय, हारतुरे झालेत, कशाला उकरून काढतेस. तिची मुलगी दादांच्या क्लासला जाते. तिसरीनं मला विचारलं की माझं गाणं संचात घेतलं नाही म्हणून मला राग आलाय का. बाईंच्या संचात माझं गाणं असण्याचा प्रश्नच नव्हता, पण ती हे अगदी समजूतदार चेहऱ्यानं विचारत होती.

मग मी माझी कॅसेट, खोकल्यासकट, शिट्टीसकट, जशीच्या तशी इंटरनेटवर टाकली. खाली लिहिलं, हा बाईंचा दरबारी आहे. थोड्याच लोकांनी ऐकली. एकानं लिहिलं, आवाजाचा दर्जा वाईट आहे, याचीच साफ केलेली प्रत उपलब्ध आहे, ती ऐकावी. दुसऱ्या कुणी तरी लिहिलं, गायिका गंधारावर जरा बेसूर आहेत, पण भाव चांगला आहे. दादांनी बाईंची ओळखच बदलून टाकली होती. आता खऱ्या बाई खोट्या बाईंच्या तुलनेत चुकीच्या ठरत होत्या.

त्या वर्षी आमच्या अभ्यासक्रमात तो अडाणा लागला. 'पारंपरिक बंदिश' म्हणून, बाईंच्या नावासकट. अभ्यास मंडळाच्या बैठकीत मी विरोध केला, लॅपटॉप नेला होता, पट्टी उतरवून ऐकवलं. अध्यक्षांनी ऐकता ऐकता घड्याळ पाहिलं. ही तांत्रिक बाब आहे, असं म्हणाले, आणि तांत्रिक बाबींसाठी वेगळी समिती असते. चहाबरोबर समोसे होते, सगळ्यांनी ते मन लावून खाल्ले. दादांना त्यांच्यातल्या निम्म्या लोकांनी गुरू मानलेलं आहे हे मला तिथे गेल्यावर कळलं. मी ती चीज शिकवणार नाही म्हटलं. दुसऱ्या एका प्राध्यापिकेनं शिकवली.

प्रात्यक्षिक परीक्षेला मात्र मला बसावं लागलं, शेजारी बाहेरगावचे परीक्षक. त्यांना यातलं काही ठाऊक नव्हतं. चंदगडकडची एक मुलगी आली. वसतिगृहात राहणारी, घरात गाण्याचा गंध नसलेली, आवाज मात्र स्वच्छ, पावसाळ्यानंतरच्या हवेसारखा. तिनं अडाणा सुरू केला. मी मान खाली घालून बसले, ऐकायचंच नाही असं ठरवून. पण ती चीज वर चढायला लागली आणि मला ऐकावंच लागलं. मुखडा कसा फिरून समेवर येतो, अंतऱ्यात एकदाच एक स्वर लपवून ठेवलाय आणि मग तो अचानक सुटतो, हे मला तेव्हा पहिल्यांदा नीट ऐकू आलं. बाईंच्या खोट्या आवाजात मी ते ऐकूच शकले नव्हते, किळसच मध्ये यायची. चीज चांगली होती. खरोखर चांगली होती. ती दादांनी केली होती. उघडपणे आपली म्हणून गात राहिले असते तर आज ना उद्या कुणीतरी ऐकलं असतं, आणि मला त्यांच्याबद्दल जे वाटतंय ते वाटलं नसतं. या माणसात एवढं होतं आणि त्यानं ते असं घाण करून टाकलं, याचाच मला जास्त संताप आला.

गाणं संपलं. बाहेरच्या परीक्षकांनी वा म्हटलं आणि नेहमीचा प्रश्न विचारला, चीज कुणाची? मुलीनं बाईंचं नाव घेतलं, कानाच्या पाळीला हात लावून, अगदी शिकवल्याप्रमाणे.

"नाही," मी म्हटलं. "ही चीज बाईंची नाही. आमच्या थोरल्या गुरुबंधूंची आहे. ते हयात आहेत, राजारामपुरीत राहतात." मी दादांचं पूर्ण नाव सांगितलं.

मुलगी घाबरली. तिला वाटलं, आपले गुण गेले. मी म्हटलं, तुझी काही चूक नाही, तुला तसंच शिकवलंय, गुण कापणार नाही. परीक्षकांनी हातातला कागद उलटसुलट केला. "पण इथे तर तसंच छापलंय," ते म्हणाले.

"छापलंय," मी म्हटलं.

त्यांनी पेन्सिलीनं कागदाच्या कडेला काहीतरी लिहिलं, आणि पुढच्या मुलीला आत पाठवायला सांगितलं.